भाजी निवडायला गेलतो

अक्का गेल्याचं मला मंडईत कळलं. कोथिंबिरीच्या जुडीवरून भाजीवालीशी माझी हुज्जत चालली होती, तेवढ्यात हौसाबाईंचा फोन आला. हौसाबाई म्हणजे आमच्या हायस्कूलमध्ये पोषण आहाराची खिचडी शिजवणाऱ्या मावशी. एरवी त्यांचा फोनवरचा आवाज रस्त्यापलीकडच्या माणसालाही ऐकू जातो. त्या दिवशी मात्र त्या इतक्या हळू बोलल्या, की मला दोनदा 'काय?' म्हणून विचारावं लागलं. "बाई, अक्का गेल्या की वो... सकाळी पूजा करून खुर्चीत बसल्या, त्या बसल्याच." मी हुज्जत सोडून कोथिंबीर घेतली आणि का कोण जाणे, शेजारच्या ढिगातली मेथीची एक जुडीही पिशवीत टाकली. घरी मी एकटीच असते. ती जुडी चार दिवस फ्रिजमध्ये पिवळी पडत राहिली, पण मला काही ती निवडवेना.

अक्का म्हणजे सुमती मगदूम, आमच्या शाळेच्या समुपदेशक. कागलच्याही पलीकडच्या, अगदी सीमेलगतच्या गावातलं त्यांचं जैन शेतकरी घर. तिकडे थोरल्या बहिणीला अक्का म्हणतात. शाळेत आल्या त्या पहिल्याच दिवशी एका पोराने 'मॅडम' म्हटल्यावर त्या म्हणाल्या, "मॅडम कशाला, अक्का म्हण की," आणि तेव्हापासून मुख्याध्यापकांपासून शिपायापर्यंत सगळे त्यांना अक्काच म्हणायला लागले. मी सोडून. मी त्या शाळेत एकतीस वर्षं गणित शिकवलं. माझ्या हातात पट्टी नसली तरी मुलांना ती दिसायची, आणि मला त्याचा अभिमान होता. मुलांशी गोड बोलण्यासाठी शाळेने वेगळं माणूस नेमावं, हे मला पटलेलं नव्हतं. मी त्यांना मगदूम मॅडम म्हणायचे, तेही कामापुरतं.

त्यांना जिन्याखालची, जुन्या प्रयोगशाळेचं सामान ठेवायची खोली मिळाली. पेंटरने दारावर 'समुपदेशन कक्ष' अशी ऐसपैस पाटी रंगवली आणि तिथेच घोटाळा झाला. पोरांना त्या लांबलचक शब्दात फक्त 'उपदेश' दिसला. उपदेशाला आमच्याकडे तसाही तोटा नव्हता, त्यामुळे आपल्या पायाने तिथे कोणी फिरकेना. यायची ती आम्ही शिक्षा म्हणून पाठवलेली. मी स्वतः "थांब, तुला मगदूम मॅडमकडेच धाडते," असं पोलिसात देण्याच्या सुरात म्हटलेलं आहे. पोरं अक्कांच्या समोर बसायची आणि पायाच्या अंगठ्याकडे बघायची. अक्का विचारायच्या, काय झालं? पोरं म्हणायची, कुठं काय? कोल्हापूरच्या माणसाला सरळ तोंडावर त्याचं दुखणं विचारलं, की हेच उत्तर मिळतं. दीडेक महिना असा गेला. मग एका सकाळी अक्का घरून येताना एक बुट्टी घेऊन आल्या. बुट्टी म्हणजे बांबूची, दोन्ही हातांनी उचलावी एवढी टोपली. तिच्यात मेथीच्या चार जुड्या होत्या.

मी ते खिडकीतून बघितलं. अक्का जमिनीवर चटई टाकून बसलेल्या, शेजारी आठवीतली दोन मुलं, मध्ये बुट्टी, आणि तिघं मिळून मेथी निवडताहेत. दुसऱ्या दिवशी घेवडा होता. तिसऱ्या दिवशी परत मेथी. स्टाफरूममध्ये हसं झालं. "मगदूम मॅडमना घरचं काम करायला बिनपगारी माणसं मिळाली," असं कोणीतरी म्हणालं. कोणीतरी कशाला, मीच म्हणाले होते.

त्या वर्षी माझी ऋतुजा दहावीत होती. आमच्याच शाळेत, आणि गणिताला माझ्याच हाताखाली. शाळेत तिने मला 'बाई' म्हणायचं असा माझा नियम होता. घरीसुद्धा ती कधीकधी चुकून 'बाई' म्हणायची आणि मी ते कौतुकाने लोकांना सांगायचे. तिचे वडील ती सहावीत असताना वारले. त्यानंतर तिला कशात कमी पडू द्यायचं नाही असं मी ठरवलं होतं, आणि कमी न पडणं म्हणजे काय हे मला फक्त मार्कांत मोजता येत होतं. ती शांत झाली होती, डबा अर्धा परत आणायची, रविवारी दुपारभर झोपायची. मला वाटायचं, वय आहे, अभ्यासाचा ताण आहे, होईल सगळं परीक्षेनंतर ठीक.

श्रावणातली एक संध्याकाळ मला अजून घरातल्या वासासकट आठवते. मी भाकऱ्या करत होते. ऋतु स्वयंपाकघराच्या दारात येऊन उभी राहिली. दाराची कडी उगाच वरखाली करत म्हणाली, "आई, आज मी भाजी निवडायला गेलतो." आमच्याकडे बायकामुलीही 'मी आलो, मी गेलतो' असंच बोलतात. मला मात्र माझ्या मुलीच्या तोंडी ते खपायचं नाही. तव्यावरची भाकरी उलटत मी म्हणाले, "गेले होते म्हण. दहावीत आहेस तू." ती म्हणाली, "गेले होते." "कुठे?" "अक्कांकडं." "बोर्डाचं वर्ष आहे आणि तुला लोकांची भाजी निवडायला वेळ आहे?" कडीचा आवाज थांबला. "न्हाय," एवढं म्हणून ती गेली... आणि मी पुढची भाकरी थापायला घेतली.

दुसऱ्या दिवशी मी अर्ज लिहिला. माझं अक्षर चांगलं आहे, त्यामुळे तो दिसायलाही सुरेख झाला. शैक्षणिक वेळेत विद्यार्थ्यांकडून घरगुती कामं करून घेतली जातात, निवडलेली भाजी संबंधित मॅडम घरी नेतात, त्यात दहावीच्या मुलींचाही वेळ जातो, याची दखल घ्यावी. मुख्याध्यापकांनी आम्हा दोघींना बोलावलं. पुरावा म्हणून बुट्टी टेबलावर ठेवलेली होती. "कोणकोणती पोरं येत्यात त्याची यादी द्या," सर अक्कांना म्हणाले. "यादी न्हाय देता येणार सर." "का?" "ती माझी न्हवं. पोरांची हाय." सर वैतागले. "मग ही बुट्टी घरी न्या. परत शाळेत दिसता कामा न्हाय." अक्कांनी एकदा माझ्याकडे बघितलं. रागाने नाही, काहीच नाही, नुसतं बघितलं. त्या यादीत माझ्या मुलीचं नाव होतं. ते एक नाव उच्चारलं असतं, तर माझी वाचा तिथल्या तिथे बसली असती. त्यांनी बुट्टी उचलली, कमरेवर टेकवली आणि गेल्या. मी स्टाफरूममध्ये येऊन चहा मागवला.

पुढचे आठ दिवस मी विजयी मुद्रेने फिरत होते. नवव्या दिवशी संध्याकाळी घराची बेल वाजली. दारात अक्का होत्या आणि त्यांच्या मागे ऋतु, दप्तरासकट. अक्का आत येऊन सोफ्याच्या अगदी कडेला बसल्या. म्हणाल्या, "बाई, ऋतुजाला इचारून आलोय. तिनं मला एवढंच सांगायची परवानगी दिलीया, तेवढंच सांगतो. पुढचे काही दिवस तिला एकटी ठेवू नका. आणि उद्या डॉक्टरांकडं जायचं हाय. मी संगट येतो." मला अर्थ कळायला वेळ लागला. कळल्यावर मी जे बोलले ते लिहायला आजही लाज वाटते. मी म्हणाले, "आमच्या घरात असलं काही नाही." अक्का शांतपणे म्हणाल्या, "नसंल बी. पर एकटी ठेवू नका." मग मी सुरू झाले. कुणी काय सांगितलं, कशावरून, माझ्या मुलीचं मला माहीत नाही आणि तुम्हाला माहीत, असं बरंच काही. त्यांनी मला पूर्ण बोलू दिलं आणि शेवटी म्हणाल्या, "चूक कुणाची ते वर्षभरानं बसून बघू. उद्या अकराला तयार ऱ्हावा."

मी चहा करायला म्हणून आत गेले. लायटर चारदा मारूनही गॅस पेटेना. तिथून बाहेरचा सोफा दिसतो. ऋतुने अक्कांच्या खांद्यावर डोकं टेकवलेलं होतं. दोन वर्षांत तिने कुणाच्या खांद्याला डोकं टेकलेलं मी बघितलं नव्हतं, माझ्या तर नाहीच. खरं सांगायचं तर मला आधी मत्सर वाटला. भीती त्याच्यानंतर आली. पण आली तेव्हा अशी आली, की मी ओट्यावरची विळी उचलून कपाटात ठेवली आणि कुलूप लावलं.

मी महिनाभर रजा टाकली. डॉक्टर, औषधं, झोप, परत डॉक्टर. अक्का दर शनिवारी शाळा सुटली की यायच्या. बरोबर ज्वारीच्या लाह्या किंवा असलंच काहीतरी आणायच्या. ऋतुशी गच्चीवर बसायच्या आणि मला खालीच थांबायला सांगायच्या. मी कधीच कुणाचं ऐकलेलं नाही, पण त्या महिन्यात अक्कांचं ऐकलं. गणिताचं नाव काढायचं नाही, नाही काढलं. जेवणाच्या ताटावर लक्ष ठेवायचं नाही, नाही ठेवलं. हळूहळू डबा रिकामा परत यायला लागला. एका दुपारी शेजारच्या मांजरीवरून ती एकटीच खदखदून हसली आणि मी आतल्या खोलीत जाऊन रडून घेतलं. ती परीक्षेला बसली. गणितात तिला अगदी बेताचे मार्क पडले. एकतीस वर्षांत मी हजारो मार्क दिले असतील, पण इतके आवडलेले मार्क दुसरे नाहीत.

रजा संपवून शाळेत आले त्या दिवशीची गोष्ट सांगायची राहिली. पाणी प्यायला स्वयंपाकाच्या शेडमध्ये गेले, तर हौसाबाईंनी मला बघून न बघितल्यासारखं केलं. मग डाव आपटत म्हणाल्या, "तुमीच अर्ज केलता न्हवं? अक्का मेथी घरी नेत्यात म्हणून? आवो, चातुर्मासात त्या पालेभाजी तोंडात सुदिक घालत न्हाईत. सोताच्या पिशवीतनं आणायच्या, पोरांच्या हातनं निवडून या पातेल्यात टाकायच्या. तुमच्या अर्जापासनं पोरं नुसती पिवळी खिचडी गिळत्यात." हे मला कळायला हवं होतं. माझ्या शेजारच्या बिऱ्हाडात जैन कुटुंब आहे, चातुर्मासात त्यांच्याकडे पालेभाजी येत नाही हे मी इतकी वर्षं बघत होते. हौसाबाईंचं संपलं नव्हतं. "आणि भाजी निवडायला जायचं म्हंजे काय, ते अख्ख्या शाळेला ठावं हाय. पोराला काय सलत असंल, कुणापाशी बोलू वाटत असंल, की ते म्हणतंय, भाजी निवडायला जातो. तुमच्या स्टाफरूमला तेवढं ठावं न्हाय." माझ्या हातातला पेला मी खाली ठेवला. ऋतुने मला सांगितलं होतं. दारात उभं राहून, तिच्या शाळेच्या भाषेत, जेवढं सांगता येईल तेवढं सांगितलं होतं. आणि मी तिचं क्रियापद दुरुस्त केलं होतं.

त्याच संध्याकाळी मी अक्कांच्या घरी गेले. काय बोलायचं ते रस्त्याने घोकलं होतं, पण दारात गेल्यावर एवढंच म्हणाले, "बुट्टी द्या." स्कूटीवर पायांपाशी बुट्टी ठेवून मी ती दुसऱ्या दिवशी शाळेत आणली आणि मुख्याध्यापकांसमोर अर्ज मागे घेतला. "बाई, तुमचं काय कळंना," सर म्हणाले. "आधी न्या म्हणताय, आता आणा म्हणताय." पुढच्या आठवड्यात मी स्वतः मधल्या सुट्टीत त्या चटईवर जाऊन बसले. मी भराभरा देठं तोडायला लागले, तशी अक्का म्हणाल्या, "पेपर तपासताय काय? पान उलटून बघा." मी उलटलं, तर मागे बारीक हिरवी अळी. ती त्यांनी मला हातावर घेऊन बाहेर जास्वंदीच्या बुंध्याशी सोडून यायला लावली. त्यांच्या आईच्या स्वयंपाकघरात तशीच पद्धत होती, जीव चिरडायचा नाही म्हणून एकेक पान दोन्ही बाजूंनी बघायचं. "आईला काय सांगायचं असलं की आम्ही तिच्या शेजारी भाजी निवडायला बसायचो," त्या म्हणाल्या. "ती पानाकडं बघायची. आपल्याकडं बघायची न्हाय. मग बोलता यायचं." त्या खोलीत नंतर मीही पुष्कळ बोलले. ते इथे लिहिणार नाही. अक्कांनी कधी कुणाला सांगितलं नाही, मी तरी कशाला सांगू.

त्या काही देवमाणूस वगैरे नव्हत्या. चहात तीन चमचे साखर घालायच्या, कागदपत्रं कधी वेळेवर द्यायच्या नाहीत, आणि चिडल्या की त्यांचा आवाज माझ्याही वर जायचा. सगळ्यांचं सगळं त्यांना सोडवता आलं असंही नाही. गगनबावड्याकडची, वसतिगृहात राहणारी नववीतली एक मुलगी अर्ध्या वर्षात शाळा सोडून गेली. अक्का भर पावसात एसटीने दोनदा तिच्या गावी जाऊन आल्या, पण तिला परत आणता आलं नाही. निवृत्तीनंतरही कधीतरी बोलता बोलता त्या मध्येच थांबायच्या आणि त्या मुलीचं नाव घ्यायच्या... पोरांचा मात्र त्यांच्यावर भारी जीव. 'समुपदेशन कक्ष' या पाटीखाली कोणीतरी खडूने लिहिलं होतं, 'येथे भाजी निवडून मिळेल'. सरांनी पुसायला सांगितलं, अक्कांनी पुसू दिलं नाही. ते पावसाने पुसलं की नवीन बॅच परत लिहायची.

ऋतु पुढे शेतीचं शिकली. आता पुण्याजवळ एका रोपवाटिकेत नोकरी करते, गुलाबांची कलमं करते. पुण्यात राहून तिची भाषा एकदम शुद्ध झाली. फोनवर ती 'मी गेले होते, मी आले होते' असं बोलते. एकेकाळी मला हेच हवं होतं. आम्हा दोघींचं बरं चाललं आहे, हवापाण्याचं, नोकरीचं, स्वयंपाकाचं बोलतो. पण दहावीतल्या त्या दिवसांबद्दल ती माझ्याशी कधी एक अक्षर बोलली नाही. काय होतं तिच्या मनात, मी काय केलं होतं, काय करायला हवं होतं... मला माहीत नव्हतं. आणि आई असून माहीत नसणं ही साधी गोष्ट नाही. दरवर्षी एकदा तरी मी अक्कांना विचारायचे. त्या म्हणायच्या, "तिला इचारा की." मी म्हणायचे, ती सांगत नाही. "मग अजून निवडून झाली नसंल तिची." एवढंच. एकदा मी चिडून म्हणालेही, की इतक्या वर्षांनी आता कसलं गुपित. त्या नुसत्या साखरेचा डबा शोधत राहिल्या.

जाण्याआधी दोनेक महिने मी त्यांना भेटले ती शेवटची. बऱ्याच थकल्या होत्या, पण चहा त्यांनीच केला. मी नेहमीसारखं विचारलं, "अक्का, आता तरी." त्या हसल्या. "तुमी तिला इचारताय कसं? समोर बसवून, तोंडाकडं बघून, व्हय न्हवं? पोरगी तिशीला आली, तरी तुमचं आपलं तोंडी परीक्षाच चाललीया." मीही हसले. निघताना त्या दारापर्यंत आल्या आणि माझ्या पाठीवर हात ठेवून म्हणाल्या, "शेजारी बसा, बाई." मला वाटलं, घाई करू नका, अजून थोडा वेळ बसा असं म्हणताहेत. म्हणून मी म्हणाले, "नको, उशीर होतोय." ऐकण्यात चूक करायची माझी खोड काही जात नाही.

अक्कांना जाऊन दहा-बारा दिवस झाल्यावर हौसाबाई घरी आल्या. अक्कांचा पुतण्या घर आवरत होता, त्याच्याकडून त्यांनी बुट्टी मागून आणली होती. कडेचे बांबू दोन ठिकाणी निसटलेले, तिथे अक्कांनी सुतळी गुंडाळलेली. "हिची जागा तुमच्याकडंच," हौसाबाई म्हणाल्या. "घालवली बी तुमीच आणि आणली बी तुमीच." चहा न घेताच त्या गेल्या. अक्का, तुमचे आभार मानायचे राहिले हे मला बुट्टी हातात आल्यावर कळलं. आपण मानले असं इतकी वर्षं मी धरून चालले होते. तुम्ही त्या दिवशी सरांसमोर एक नाव घेतलं नाहीत, म्हणून माझ्या मुलीला परत तुमच्या दारात यावंसं वाटलं. माझं घर त्यामुळे राहिलं.

गेल्या रविवारी ऋतु आली. अक्कांच्या घरी जाऊन आली. दुपारी मी मागच्या व्हरांड्यात चटई टाकली, बुट्टीत मेथीच्या दोन जुड्या ठेवल्या आणि निवडायला बसले. तिला हाक मारली नाही. थोड्या वेळाने ती आपणहून आली, सुतळीवरून एकदा बोट फिरवलं आणि बसली. समोर नाही, शेजारी. एक जुडी संपली. शेजारच्यांच्या कुकरच्या शिट्ट्या झाल्या. दुसरी जुडी सोडताना, इतक्या वर्षांत न ऐकलेल्या आवाजात ती म्हणाली, "आई, दहावीत मी भाजी निवडायला गेलतो न्हवं... तवा..."

'गेले होते म्हण' असं मी म्हणाले नाही. मान वर केली नाही. हातातलं पान उलटलं, आणि ऐकत राहिले.